पंचम काळा होता तेव्हा

षड्ज कमळाच्या रंगाचा. ऋषभ पिंगट, गंधार सोन्यासारखा, मध्यम कुंदाच्या फुलासारखा पांढरा. पंचम काळा. धैवत पिवळा आणि निषाद चित्रविचित्र, अनेक रंग एकत्र सांडल्यासारखा. ही यादी कुणा लहरी कवीची नाही. देवगिरीच्या यादवांकडे, सिंघणाच्या दरबारात, राज्याचं दफ्तर सांभाळणाऱ्या शार्ङ्गदेवाने ती तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात ‘संगीतरत्नाकरा’त नोंदवून ठेवली. काम हिशेबाचं, त्यामुळे रकाने चोख. प्रत्येक स्वराला कूळ, देवता, ऋषी, द्वीप, रस आणि रंग. एकही घर रिकामं सोडलेलं नाही.

आज ही यादी वाचून शास्त्रीय संगीताचा विद्यार्थी हसतो, आणि त्यात त्याची चूक नाही. पण जरा थांबून शेजारचा रसाचा रकाना पाहावा. मध्यम आणि पंचम हे हास्य आणि शृंगाराचे स्वर म्हणून सांगितले आहेत. आता भरताच्या नाट्यशास्त्राकडे जावं. तिथे हास्याचा रंग पांढरा आणि शृंगाराचा श्याम. म्हणजे मध्यमाचं कुंदफूल आणि पंचमाचा काळिमा हे हवेतून आलेले नसावेत, रंगभूमीवरच्या जुन्या रंगविचारातून ते स्वरांपर्यंत झिरपले असावेत, असा माझा आपला तर्क. पुढे धैवतापाशी मात्र हा तर्क कोलमडतो. धैवत बीभत्स-भयानकाचा, त्याला निळा किंवा काळा मिळायला हवा होता, मिळाला पिवळा. परंपरा अशाच असतात. निम्मा हिशेब जुळतो, आणि उरलेला आपल्या समजुतीबाहेरच्या कुठल्या तरी वहीत असतो.

शार्ङ्गदेवाचं घराणं मूळ काश्मीरचं. आजोबा दक्षिणेत आले, वडील सोढल यादवांच्या सेवेत रुजले. स्वतः शार्ङ्गदेव आयुर्वेद जाणत होता, आणि ‘अध्यात्मविवेक’ नावाचा आपला आणखी एक ग्रंथ असल्याचं तो सांगतो. म्हणूनच संगीताच्या ग्रंथात राग-ताल सांगण्याआधी तो गर्भात देह कसा तयार होतो हे सांगत बसतो. शरीर, नाड्या, चक्रं, आणि मग नाद. हृदयातल्या बारा पाकळ्यांच्या कमळावर जीव फिरत असतो. पहिल्या, आठव्या, अकराव्या आणि बाराव्या पाकळीवर असताना त्याला गाणं साधतं, चौथ्या, सहाव्या आणि दहाव्या पाकळीवर ते नासतं. आवाजाचेही तो वैद्यासारखे प्रकार पाडतो. कफाचा आवाज खाहुल, स्निग्ध आणि गोड. पित्ताचा नाराट, घनगंभीर. वाताचा बोंबक, पोकळ आणि रुक्ष. तिन्हींचे दोष गळून गुण तेवढे एकत्र आले की तो आवाज उत्तम. गाणाऱ्याचा गळा आणि गाणाऱ्याची प्रकृती यांचं निदान एकाच वेळी करणारा हा माणूस आहे. ‘आज पाकळी चुकली’ असं म्हणायची सोय आपल्या गवयांकडे राहिली असती, तर किती मैफिलींची समीक्षा सौम्य झाली असती!

गाणं, रंग आणि माणसाच्या आतला तोल ही तिन्ही एकाच खात्यात मांडणारा हा विचार पाच-सहा शतकं नीट नांदला. त्यानेच पुढे रागांना चेहरे दिले, वस्त्रं दिली, संसार दिला. राग गाण्याआधी डोळ्यांसमोर त्याचं रूप आणायचं, याला रागध्यान म्हणत. हा लेख त्याला श्रद्धांजली आहे. वर्तमानपत्रात बातमी यावी असं हे मरण नव्हतं. हळूहळू त्याचं नाव निघेनासं झालं, इतकंच.

श्रद्धांजली वाहायची तर देवगिरीला जावं, तिथून शंभर-दीडशे मैल उत्तरेला बुऱ्हाणपुरात कशाला, असं कुणी विचारेल. कारण या विचाराला त्याचं सगळ्यात मोकळं घर तापीकाठच्या या खान्देशी गावात मिळालं. भुसावळहून खंडव्याकडे जाणारी गाडी रावेरच्या केळीच्या बागा मागे टाकते आणि राज्याची हद्द केव्हा ओलांडली ते कळतही नाही. बोलीत मराठी, हिंदी, निमाडी आणि उर्दू अशी सरमिसळ की एका वाक्यात चार दुकानं लागावीत. जुन्या पूर्व निमाड जिल्ह्यातून 2003 मध्ये बुऱ्हाणपूर वेगळं झालं. त्याआधी फारुकी, मोगल, निजाम, मराठे, इंग्रज असे सगळे इथे येऊन गेलेले.

गावाचं नावच एका गाणंवेड्या संताचं आहे. चिश्ती परंपरेतले बुऱ्हाणुद्दीन गरीब 1337 मध्ये वारले, त्यांची कबर खुलदाबादला. समा, म्हणजे गाणं ऐकता ऐकता भान हरपणं, याविषयी ते इतके आग्रही होते की त्यांच्या अनुयायांच्या नाचण्याची एक वेगळी रीतच ‘बुऱ्हाणी’ म्हणून ओळखली गेली. पुढे फारुकी घराण्यातल्या नसीर खानाने चौदावं शतक संपता संपता शहर वसवलं आणि त्याला हे नाव दिलं. पलीकडच्या तीरावरचं झैनाबादही त्याच परंपरेतल्या झैनुद्दीनांच्या नावाचं. पंधराव्या शतकात गुजरातेतून आलेले शेख बहाउद्दीन इथे स्थिरावले. त्यांनी स्वतःचं टोपणनावच ‘बाजन’ घेतलं, आणि भक्तीची पदं रागांत बांधून गायली. 1506 मध्ये ते वारले. तेव्हा संगीताने आत्म्याचा तोल सावरता येतो ही गोष्ट बुऱ्हाणपूरला पंडितांनी येऊन शिकवावी लागली नाही. पंडित आले ते तयार जमिनीवर आले.

त्या पंडिताचं नाव पुंडरीक विठ्ठल. नावावरून पंढरपूरचा वाटतो, पण हा कर्नाटकातल्या शिवगंगेजवळच्या सातनूरचा. सोळाव्या शतकात तो खान्देशात आला आणि फारुकी घराण्यातल्या बुऱ्हाण खानाच्या आश्रयाने त्याने ‘सद्रागचंद्रोदय’ लिहिला. उत्तरेकडच्या रागांच्या नावारूपांत तेव्हा बराच घोळ झालेला होता, तो निस्तरायचं काम त्याच्याकडे आलं. कन्नड ब्राह्मण, संस्कृत ग्रंथ, मुसलमान आश्रयदाता, खान्देशी मुक्काम. पुढे आमेरच्या कच्छवाह राजपुतांकडे आणि अकबराच्या दरबाराकडे त्याची वाटचाल झाली. तिथे ‘रागमंजरी’ झाली, ‘नर्तननिर्णय’ झाला. ‘रागमंजरी’त त्याने इराणी सुरावटींचीही दखल घेतली आणि आपल्या कुठल्या रागाशी कुठली जुळते ते सरळ लिहून टाकलं.

पण मला सर्वांत जवळची वाटते ती शके 1498 मधली, म्हणजे 1576 ची, त्याची ‘रागमाला’. यात तो सहा पुरुषराग सांगतो: शुद्धभैरव, हिंदोल, देशिकार, श्री, शुद्धनाट आणि नट्टनारायण. प्रत्येकाला पाच भार्या, पाच पुत्र. एकूण सहासष्ट माणसांचं हे एकत्र कुटुंब. स्वर सांगतो, श्रुती सांगतो, आणि त्याच दमात रागाचं रूप सांगतो. अंगाचा वर्ण कोणता, वस्त्र कोणत्या रंगाचं, हातात काय, सोबत कोण, वेळ कोणती. वीणेवरच्या पडद्यांचं गणित करणारा हाच माणूस. एका डोळ्याने पडदा मोजायचा आणि दुसऱ्याने त्या पडद्यातून उठणाऱ्या देवतेचा शेला कुठल्या रंगाचा ते पाहायचं, यात त्याला काही विसंगत वाटलं नाही. आपल्याला वाटतं. बदल नेमका कुठे झाला ते यावरून कळावं.

रंगाची भाषा बुऱ्हाणपुराला समजत होती, कारण गावाचं पोटच रंगावर चालायचं. तावेर्निये हा फ्रेंच जवाहिऱ्या सतराव्या शतकात इथून गेला. इथलं तलम कापड, त्यावरची रंगीत फुलं, जरीचे पट्टे आणि बायकांच्या ओढण्या इराण, तुर्कस्तान, पोलंड, रशिया, अरबस्तान आणि कैरोपर्यंत जातात, असं त्याने लिहून ठेवलं आहे. रंगाऱ्याची कढई म्हणजे आल, मंजिष्ठा, कुसुंबा, नीळ, हळद, डाळिंबाची साल. तुरटीत कापड नीट मुरलं नाही तर आलीचा लाल धरतच नाही, आणि निळीच्या पिंपातून काढलेलं कापड आधी हिरवट दिसतं, वारा लागला की मग निळं होतं. रंग ही वेळेची आणि संयमाची गोष्ट आहे हे इथल्या पोरासोरांना माहीत असणार. अशा गावात ‘या रागाला संध्याकाळीच रंग चढतो’ हे सांगायला फार शास्त्रार्थ करावा लागला नसेल.

फारुकी राज्य 1601 मध्ये असीरगडासोबत अकबराच्या हाती गेलं आणि बुऱ्हाणपूर मोगलांच्या दख्खनचं मुख्य ठाणं झालं. अब्दुल रहीम खानखाना इथे वर्षानुवर्षं राहिला. दोहे लिहिणारा हा सेनापती चित्रशाळा बाळगून होता. ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयात 1640 मध्ये आर्चबिशप लॉडने दिलेला एक चित्रसंग्रह आहे, त्यात अठरा रागचित्रं आहेत. अभ्यासक त्यांचा संबंध रहीमच्या चित्रकारांशी जोडतात. राजपूत सरदार मोहिमांच्या निमित्ताने इथेच तळ देऊन असत. बिकानेरचा रायसिंह 1612 मध्ये इथेच वारला. बुंदीच्या राव रतन हाडाने हे शहर शहाजादा खुर्रमच्या वेढ्यापासून वाचवलं. आमेरचा मिर्झाराजे जयसिंग, आपल्याला पुरंदरच्या तहामुळे ठाऊक असलेला, 1667 मध्ये इथेच गेला. त्याची छत्री तापीच्या काठी आहे. पुंडरीक बुऱ्हाणपूरहून आमेरकरांकडे गेला होता, आमेरकर शंभरेक वर्षांनी मरायला बुऱ्हाणपूरला आले. दख्खनची रागचित्रं राजस्थानच्या पोथीखान्यांत कशी पोहोचली, याचं उत्तर या छावण्यांत आहे. लुटीत गेली, नजराण्यात गेली, आणि चित्रकारांच्या डोक्यातूनही गेली.

एखादं रागचित्र जवळून पाहावं. तोडी घेऊ. माळरान, मध्ये एकटी स्त्री, हातात वीणा. वीणेचा एक भोपळा खांद्याशी, एक कमरेशी. हरणं तिच्याकडे चालत आलेली. एकाने मान इतकी उंचावली आहे की तिच्या पदराला नाक लागेल. चित्रकाराने हिरवळ कशी केली? जंगाल, म्हणजे तांब्यावर आम्ल चढवून मिळणारा हिरवा, आणि कधी निळीवर हरताळाचा पिवळा. लाल ओढणीला हिंगूळ. दागिन्यांना सोन्याचा वर्ख. सगळं झाल्यावर कागद उलटा ठेवून मागच्या बाजूने अकीकाच्या दगडाने घोटायचा, म्हणजे रंग एकमेकांत बसतात आणि पृष्ठभाग लख्ख होतो. आता त्या चित्रासमोर उभं राहून तोडीचा तो उतरलेला गंधार आठवावा. कोमलाच्याही खाली सरकलेला, हरणासारखा जवळ येऊन पुन्हा अंग चोरणारा. चित्रकाराने गंधार ऐकला होता का? बहुतेक नसेल. त्याच्यापुढे श्लोक होता आणि त्याच्या उस्तादाने काढलेलं जुनं चित्र होतं. तरीही हरणाची ती मान आणि तोडीचा तो गंधार यांचं काहीतरी नातं आहे, एवढं माझ्या कानाला पटतं. शास्त्राला पटवायला मी जाणार नाही.

असावरी सावळी, मोरपिसांचं वस्त्र नेसून डोंगरावर बसलेली, चंदनाच्या झाडावरचे साप उतरून तिच्याकडे आलेले. हिंदोल झोपाळ्यावर. भैरवी शंकराच्या देवळात झांजा वाजवत. ललत पहाटेचा: ती झोपलेली आहे आणि तो निघालेला. विभासात प्रियकर आरवणाऱ्या कोंबड्यावर धनुष्य रोखून उभा, कारण सकाळ व्हायला नको आहे. आणि मराठी माणसाने आवर्जून पाहावी ती देशाख. सगळ्या मालेत नाजूक बायका आणि कमळं असताना इथे अचानक आखाडा लागतो. उघडेबंब पहिलवान, कुणी दंड काढतोय, कुणी मुद्गल उचलतोय, आणि एक गडी खांबाला पाय अडकवून उलटा. चक्क मल्लखांब! तोल हा विषय कुठल्या चित्राने इतक्या सरळ मांडला असेल, मला सांगता येणार नाही.

हा सगळा प्रकार एकट्या बुऱ्हाणपूरचा नव्हता. अहमदनगरच्या निजामशाहीतली 1590 च्या आसपासची हिंदोलाची चित्रं दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात पाहायला मिळतात. चुनारला 1591 मध्ये मोगल चित्रकारांनी काढलेली माला पुढे बुंदी-कोट्याचा कित्ता झाली. विजापूरचा इब्राहिम आदिलशहा तर स्वतःच ‘किताब-ए-नौरस’मध्ये रागांची रूपं पदांतून रंगवत होता, सरस्वती आणि गणपतीला वंदन करून.

बुऱ्हाणपूरची एक गोष्ट मात्र सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. 1653 च्या सुमारास दख्खनचा सुभेदार म्हणून आलेल्या औरंगजेबाने झैनाबादच्या आहूखान्यातल्या बागेत हिराबाई नावाच्या गायिकेला पाहिलं. आंब्याची फांदी धरून ती गुणगुणत होती, असं फारसी बखरकार सांगतात. बाग, आम्रवृक्ष, गाणारी स्त्री, आणि झाडीआडून पाहणारा शहाजादा. एखाद्या रागिणीचं चित्रच! पुढे दरबारातून गाणं हद्दपार केल्याबद्दल ज्याचं नाव घेतलं जातं, तो या चित्रात एकदा तरी सापडला होता.

आता या परंपरेतल्या उणिवांबद्दल. श्रद्धांजलीच्या लेखात गेलेल्याचे दोष सांगू नयेत असा संकेत आहे, पण इथे दोषच मरणाचं कारण आहेत. या कुटुंबाच्या सातबाऱ्यावर कुणाचंच एकमत नव्हतं. हनुमानमत वेगळं, शिवमत वेगळं, भरतमत वेगळं, कल्लिनाथमत वेगळं. एकाकडे जी हिंदोलाची बायको, ती दुसऱ्याकडे मालकौंसाच्या घरात. पुंडरीकाचे सहा पुरुष रीवेच्या क्षेमकर्णाला मान्य नाहीत. त्याच्याकडे प्रत्येक रागाला आठ पुत्र. रंगांची तीच गत. एका ग्रंथात गोरी असलेली रागिणी दुसऱ्यात सावळी. चित्रकारांनी तर पुष्कळदा श्लोक वर आणि चित्र खाली दुसरंच काढलं. आणि मुख्य आक्षेप असा की बाप-लेकांच्या स्वरांत काडीचं साम्य नाही. नाक वडिलांवर गेलं आहे असं म्हणायला निदान नाक तरी असावं!

पाटण्याच्या महंमद रझाने 1813 मध्ये ‘नगमात-ए-आसफी’त हा आक्षेप स्पष्ट मांडला. पुढचं काम आपल्या मुंबईच्या वकिलाने केलं. विष्णु नारायण भातखंडे गावोगाव हिंडले, पोथ्या धुंडाळल्या, उस्तादांची मनधरणी केली आणि मग दहा थाटांची व्यवस्था आणली. राग-रागिणी-पुत्र यांचा संसार त्यांनी मोडीत काढला. पण ते करण्याआधी त्यांनी पुंडरीकाचे ग्रंथ ओळ न् ओळ वाचले. पंधराव्या ते अठराव्या शतकांतल्या संगीतपद्धतींचा त्यांनी जो तौलनिक अभ्यास लिहिला, त्यात ‘सद्रागचंद्रोदय’, ‘रागमाला’, ‘रागमंजरी’ यांना स्वतंत्र जागा आहे. ज्याचं विसर्जन करायचं त्याची आधी षोडशोपचारे पूजा, अशी ही आपली पद्धत. मी त्यांना दोष देणार नाही. शाळेत शिकवता येईल, परीक्षा घेता येईल, परगावच्या मुलाला पुस्तकातून उचलता येईल असं संगीत त्यांना हवं होतं, आणि ते त्यांनी मराठीत लिहून दिलं. सावळी असावरी आणि तिचे साप वर्गात कुठे बसवणार?

तरी काय गेलं ते सांगायला हवं. रंग गेले याचं मला फार दुःख नाही. ते तसेही एकमेकांशी भांडत होते. गेलं ते ध्यान. गाण्याच्या आधी थांबणं, आणि आपल्यापुढे आपल्याहून मोठं कुणीतरी येणार आहे असं धरून चालणं. पुंडरीकाच्या काळातल्या गवयाला तोडी ‘मांडायची’ नसे. तोडी यायची असे, आणि ती हरणांच्या मागून येत असल्यामुळे आरडाओरडा करून चालणार नव्हतं. आता राग ही सामग्री झाली आहे. आरोह, अवरोह, वादी, संवादी, पकड, दोन बंदिशी, पंधरा ताना. सामग्री वापरायची असते, तिच्यापुढे अदबीने उभं राहत नाहीत.

हे ज्यांना शेवटपर्यंत सलत राहिलं त्यांत किशोरीताई आमोणकर होत्या. त्यांच्या ‘स्वरार्थरमणी’ या पुस्तकात राग आणि रस यांचा जो विचार आहे, त्याची मुळं भरतापर्यंत जातात. स्वर लावण्याआधी त्या जो वेळ घेत, सभागृहातली कुजबुज, माईकची खरखर यांवर जशा चिडत, त्याला लोक लहर म्हणत. मला ती रागध्यानाची राहिलेली शिस्त वाटते. येणाऱ्या पाहुण्यासाठी ओटी झाडून ठेवावी आणि कुणी चपला घालून त्यावरून जावं, तसा तो राग होता. 2017 मध्ये त्या गेल्या.

रंग, नाद आणि देह यांची सांगड मराठी भजनात मात्र वेगळ्या वाटेने टिकली. नाथपंथातून वारकऱ्यांकडे आलेल्या योगपर अभंगांत चार देहांचे चार रंग सांगितले जातात: स्थूल देहाचा रक्त, सूक्ष्माचा श्वेत, कारणाचा श्याम, महाकारणाचा नीळ. मुक्ताईनगर बुऱ्हाणपूरपासून फार लांब नाही. त्या पट्ट्यात गावच्या भजनी मंडळातला म्हातारा पेटीवाला हे रंग तोंडपाठ म्हणतो. त्याला शार्ङ्गदेव ठाऊक नसतो आणि त्याचं काही अडतही नाही.

याच्या नेमकी उलट तऱ्हा शहरातल्या आरोग्यवर्गांची. सात चक्रं, सात स्वर, इंद्रधनुष्याचे सात रंग, ओळीने लावलेले, खाली लाल आणि वर जांभळा. हे आपलं प्राचीन ज्ञान म्हणून विकतात. सप्तकाला वर्णपटाशी जोडण्याचा उद्योग न्यूटनने 1704 च्या ‘ऑप्टिक्स’मध्ये केला. रशियन संगीतकार स्क्रियाबिनने 1910 मध्ये पुऱ्या केलेल्या ‘प्रोमिथियस’साठी रंगीत प्रकाश टाकणारी कळफलकाची पेटीच कल्पिली. आणि इंद्रधनुषी चक्रांचं ते देखणं चित्र विसाव्या शतकातलं, पश्चिमेकडून आलेलं. पूर्णानंदाच्या 1577 च्या ‘षट्चक्रनिरूपणा’त नाभीचं चक्र पावसाळी ढगासारखं काळंनिळं आहे आणि कंठाचं धुरकट जांभळं. म्हणजे पुंडरीकाची ‘रागमाला’ लिहून झाली त्याच्या पुढच्याच वर्षी देहाचे जे रंग कागदावर आले, ते इंद्रधनुष्याला मुळीच विचारून आलेले नाहीत. शार्ङ्गदेवाचा काळा पंचम तर त्या कोर्सच्या माहितीपत्रकात कुठेच बसणार नाही.

बुऱ्हाणपुरात यातलं काय शिल्लक आहे? शाही किल्ल्यातल्या हमामखान्याच्या छतावर रंगीत नक्षी अजून जागोजाग तग धरून आहे. तिथे मुमताजमहलच्या गोष्टी सांगणारे वाटाडे भेटतात. 1631 मध्ये ती याच शहरात गेली आणि आधी झैनाबादला पुरली गेली, हे ते तन्मयतेने सांगतात. पुंडरीकाचं नाव कुणी काढत नाही. लोधीपुऱ्यात जावं तर तिथे दाऊदी बोहरांची दरगाह-ए-हकीमी आहे. 1142 हिजरीत, म्हणजे 1730 मध्ये वारलेले सय्यदी अब्दुलकादिर हकीमुद्दीन तिथे चिरनिद्रा घेत आहेत. संपूर्ण कुराण मुखोद्गत असलेले म्हणून त्यांची ख्याती. पांढऱ्याशुभ्र संगमरवराभोवती हिरव्या बागा, पुरुषांच्या पांढऱ्या-सोनेरी टोप्या, बायकांच्या गुलाबी, फिकट निळ्या, पिस्ता रंगाच्या रिदा. मर्सिये, म्हणजे शोकगीतं, म्हटले जातात ते वाद्याविना, नुसत्या गळ्यावर. या मंडळींचा रागध्यानाशी काही संबंध नाही आणि मी तो ओढूनताणून जोडणारही नाही. फक्त एवढं दिसतं की आवाजाने मन ठिकाणावर आणायचं तर आधी हातपाय धुऊन, डोकं झाकून, गप्प बसावं लागतं, हे लोधीपुऱ्यात कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

संगीताच्या परीक्षांच्या वहीतही एक रकाना जुन्या घरातून आलेला राहून गेला आहे: गानसमय. थाट, जाती, वादी, संवादी यांच्या रांगेत तो जरा अवघडल्यासारखा उभा असतो. भैरव सकाळीच का, याचं उत्तर थाटाकडे नाही. मुलं ‘दिवसाचा प्रथम प्रहर’ असं पाठ करून लिहितात आणि संध्याकाळच्या वर्गात भैरवच घोटतात, कारण वर्ग संध्याकाळी असतो.

आणि रागांचं ते जुनं कुटुंब, त्याची पूर्ण नामावळी अजूनही एका ठिकाणी वाचली जाते. गुरू गोविंदसिंग 1708 मध्ये नांदेडला येताना बुऱ्हाणपुरात थांबले होते. त्या मुक्कामाची आठवण म्हणून इथे बडी संगत गुरुद्वारा आहे. गुरू ग्रंथसाहिबाची मुख्य रचनाच रागांनुसार, एकतीस रागांची. त्याच्या अगदी शेवटी ‘रागमाला’ नावाची छोटी रचना येते: सहा राग, प्रत्येकाच्या पाच स्त्रिया, आठ पुत्र. एकूण चौऱ्याऐंशी. या यादीत ग्रंथातले सगळे राग नाहीत आणि ग्रंथात या यादीतले सगळे नाहीत. त्यामुळे ती मूळची की मागाहून जोडलेली, अखंड पाठाच्या समाप्तीला, म्हणजे भोगाला, वाचावी की त्याआधीच्या ‘मुंदावणी’ या रचनेपाशी थांबावं, यावर शीख विद्वानांत आजही जोरदार वाद होतात. संगीतशास्त्राच्या वर्गात मालकौंसाला किती मुलगे यावरून कुणी आता आवाजही चढवत नाही.